पंच्याऐंशी अक्षरांचा देश

स्वतःची लिपी घडवली, वर्तमानपत्र काढलं, राज्यघटना लिहिली, अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टात केस जिंकली. तरीही त्यांना बंदुकीच्या धाकावर घराबाहेर काढलं गेलं. चेरोकी लोकांची गोष्ट मात्र तिथे संपली नाही. ती आज मोबाईलच्या कीबोर्डवरही चालू आहे.

‘चेरोकी’ हा शब्द आपल्यापैकी बहुतेकांनी पहिल्यांदा वाचला असेल तो एखाद्या एसयूव्हीवर. जीप कंपनी १९७४ पासून हे नाव वापरते आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये चेरोकी नेशनचे प्रमुख चक हॉस्किन ज्युनिअर यांनी स्पष्टच सांगितलं, की आमचं नाव गाडीच्या अंगावर चिकटवल्याने आमचा मान वाढत नाही. खरा मान द्यायचा असेल, तर आमचा इतिहास, आमची भाषा आणि आमचं सरकार समजून घ्या. बातमी दोन दिवस चालली आणि विरून गेली. पण मुद्दा राहतोच. हे लोक आहेत तरी कोण?

हॉलिवूडच्या जुन्या सिनेमांमुळे ‘रेड इंडियन’ म्हटलं की डोळ्यांपुढे एकच चित्र येतं. डोक्यावर पिसांचा मोठा मुकुट, घोडा, कातड्याचा तंबू. चेरोकींना यातलं जवळजवळ काहीच लागू होत नाही. तंबू आणि पिसांचे मुकुट हे मधल्या मैदानी प्रदेशातल्या जमातींचे. चेरोकी हे आग्नेय अमेरिकेतल्या अ‍ॅपलाचियन डोंगररांगांमधले शेतकरी लोक. आजच्या नॉर्थ कॅरोलायना, टेनेसी, जॉर्जिया, अलाबामा या राज्यांच्या भागांत नदीकाठी त्यांची गावं होती. कुडाच्या मातीने लिंपलेल्या भिंतींची घरं, गावाच्या मधोमध सभागृह, भोवती मका, घेवडा आणि भोपळ्याची शेतं. ‘चेरोकी’ हे नावही त्यांनी स्वतः स्वतःला दिलेलं नाही. आपल्या भाषेला ते ‘त्सलगी’ म्हणतात.

आईचं कूळ, मामाचा मान

चेरोकी समाज सात कुळांचा. लांडगा, हरीण, पक्षी, रंग, लांब केस, निळं आणि रानबटाटा अशी त्यांची नावं मराठीत सांगता येतील. कूळ मिळतं आईकडून. मूल आईच्या कुळाचं, बापाच्या नाही. एकाच कुळात लग्न चालत नाही. आपल्याकडच्या सगोत्र विवाहाच्या बंदीसारखंच, फक्त इथे सगळा हिशेब आईच्या बाजूने. घर आणि शेत बाईचं. लग्न झालं की नवरा तिच्या घरी राहायला जाणार. मुलाला शिकार शिकवणं, वळण लावणं हे काम बापापेक्षा मामाचं जास्त. अठराव्या शतकात इंग्रज व्यापारी आणि अधिकारी तिथे पोहोचले, तेव्हा सभेत बायका बसतात आणि त्यांचं ऐकलं जातं, हे बघून ते चक्रावले होते.

यातलीच एक नान्येही. इंग्रजी कागदपत्रांत तिचं नाव नॅन्सी वॉर्ड असं येतं. लढाईत नवरा पडल्यावर तिने त्याची जागा घेतली, असं सांगतात. तिला ‘प्रिय स्त्री’ ही मानाची पदवी मिळाली. कैद्याला जीवदान देण्याचा अधिकारही या पदवीसोबत होता. १८१७ मध्ये, म्हातारपणी, तिने आणि इतर बायकांनी सभेला निवेदन दिलं. त्याचा अर्थ असा, की आता पुरे, यापुढे जमीन देऊ नका.

त्यांच्या गोष्टीही ऐकण्यासारख्या. जगात आधी विस्तव नव्हता, सगळे थंडीने कुडकुडत होते. दूर एका बेटावर पोकळ झाडाच्या बुंध्यात विस्तव होता. तो आणायला मोठमोठे प्राणी गेले. कावळा गेला, तो काळा होऊन परतला. घुबडं गेली, त्यांचे डोळे धुराने बिघडले. साप गेला, तोही काळाठिक्कर झाला. शेवटी निघाली पाण्यावर चालणारी एक छोटीशी कोळीण. तिने स्वतःच्या धाग्याने एक वाडगं विणलं, पाठीवर बांधलं आणि त्यात निखारा ठेवून घेऊन आली. जिथे ताकदीचं काही चाललं नाही, तिथे तिची युक्ती चालली. ही गोष्ट लक्षात ठेवा. पुढे एका माणसाने जवळपास असंच काम केलं.

निरक्षर माणसाने बनवलेली लिपी

त्याचं नाव सिक्वोया. पेशाने चांदीकाम करणारा, एका पायाने अधू. इंग्रजी बोलता येत नव्हतं, वाचता तर त्याहून नाही. पण गोरे लोक कागदावरच्या खुणांकडे बघून दूरच्या माणसाचं बोलणं ऐकतात, हे त्याने पाहिलं होतं. इतरांना ती जादू वाटायची. सिक्वोयाला वाटलं, ही युक्ती आहे, आणि युक्ती असेल तर ती आपल्यालाही जमेल.

१८०९ च्या आसपास तो कामाला लागला. आधी प्रत्येक शब्दाला एक चिन्ह करून पाहिलं. चिन्हांचा डोंगर झाला, लक्षात कोण ठेवणार? शेती पडून राहिली. लोक म्हणाले, याला वेड लागलंय. काही म्हणाले, हा चेटूक करतोय. बायकोने सगळं काम चुलीत घातलं, अशीही आख्यायिका आहे. मग त्याच्या लक्षात आलं, की शब्द हजारो असले तरी ते बनतात मोजक्याच ध्वनींच्या तुकड्यांतून. ते तुकडे त्याने कान देऊन वेगळे केले. आधी ८६ भरले, नंतर एक गळून ८५ राहिले. प्रत्येकाला एक चिन्ह. काही आकार त्याने स्वतः घडवले, काही एका इंग्रजी पुस्तकातून उचलले. पण ते वाचता येत नसल्यामुळे त्यांचे उच्चार साफ वेगळे. म्हणून आजही चेरोकी पाटी बघितली की गंमत होते. त्यात रोमन ‘डब्ल्यू’ दिसतो, पण वाचायचं ‘ला’. ‘डी’ दिसतो, तो ‘अ’. ‘एच’ म्हणजे ‘मी’ आणि ‘झेड’ म्हणजे ‘नो’.

आपल्याला ही लिपी समजायला बाराखडी उपयोगी पडते. आपण क, का, कि, की लिहितो तेव्हा ‘क’ तोच राहतो, काना-वेलांटी बदलते. सिक्वोयाच्या लिपीत ‘गा’, ‘गे’, ‘गी’ या प्रत्येकाचं चिन्ह पूर्ण वेगळं, एकाचा दुसऱ्याशी चेहरा जुळत नाही. म्हणजे पाठ करायचे आकार जास्त, पण एकदा पाठ झाले की काम संपलं. जोडाक्षरं नाहीत, इंग्रजीसारखी स्पेलिंगची भानगड नाही. बोलता येतंय ना, मग वाचता येतं.

१८२१ मध्ये त्याने ही लिपी लोकांसमोर ठेवली. सोबत होती त्याची लहान मुलगी आयोका, त्याची पहिली विद्यार्थिनी. मंडळींनी परीक्षा घेतली. मुलीला दूर पाठवलं आणि सिक्वोयाला काहीतरी लिहायला सांगितलं. तिने ते जसंच्या तसं वाचून दाखवलं. मग उलटं करून पाहिलं. शंका फिटली. त्यानंतर जे झालं ते थक्क करणारं आहे. ना सरकारी मोहीम, ना शाळा. लोकांनी एकमेकांकडून, अंगणात, चुलीपाशी, वाटेवर ही लिपी उचलली. अवघ्या काही वर्षांत मोठ्या संख्येने चेरोकी माणसं आपल्या भाषेत पत्रं लिहू लागली. १८२५ मध्ये चेरोकी सभेने तिला अधिकृत मान्यता दिली.

२१ फेब्रुवारी १८२८ रोजी राजधानी न्यू इकोटा इथून ‘चेरोकी फिनिक्स’ हे वर्तमानपत्र निघालं. काही मजकूर इंग्रजीत, काही चेरोकीत. बाळशास्त्री जांभेकरांचं ‘दर्पण’ याच्या जवळपास चार वर्षांनंतरचं, आणि तेही असंच दोन भाषांत निघालं, हा एक छान योगायोग. ‘फिनिक्स’चा संपादक होता इलायस बूडिनॉट, वय पंचविशीचं. जन्माने चेरोकी, कनेक्टिकटमधल्या मिशनरी शाळेत शिकलेला. तिथल्याच हॅरिएट गोल्ड या गोऱ्या मुलीशी त्याने १८२६ मध्ये लग्न केलं. लग्न ठरल्याचं कळताच गावात दोघांचे पुतळे जाळले गेले, आणि जाळणाऱ्यांत हॅरिएटचा सख्खा भाऊ होता. तुम्ही आमच्यासारखे व्हा, असं शिकवणाऱ्या समाजाला ते खरंच आपल्यासारखे झालेले चालत नव्हते. पुढे जे राष्ट्राच्या पातळीवर झालं, त्याची ही झलक होती.

आधी मित्र, मग अडथळा

अमेरिकी सरकारचं धोरण तेव्हा ‘सुधारा’ असं होतं. नांगर धरा, चरखा चालवा, शाळा काढा, कायदे लिहा, म्हणजे शेजारी म्हणून राहता येईल. चेरोकींनी हे मनावर घेतलं. १८२७ मध्ये त्यांनी लेखी राज्यघटना केली. कायदेमंडळ, न्यायालय, प्रमुख, सगळं अमेरिकेच्या धर्तीवर. १८२८ मध्ये जॉन रॉस प्रमुख झाला आणि १८६६ मध्ये मरेपर्यंत त्याच पदावर राहिला.

या सुधारणेच्या दुसऱ्या बाजू लपवण्यात अर्थ नाही. नव्या घटनेने मतदानाचा हक्क फक्त पुरुषांना दिला. नान्येहीच्या लेकी-नाती सभेबाहेर गेल्या. आणि दक्षिणेतल्या गोऱ्या जमीनदारांप्रमाणे श्रीमंत चेरोकींनीही काळ्या गुलामांना कामाला जुंपलं होतं. १८३५ च्या गणनेत तिथे साडेसोळा हजार चेरोकी होते आणि त्यांच्या ताब्यात दीड हजारांहून जास्त गुलाम. ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांच्या हातूनही अन्याय झालेला असतो. इतिहास असाच गुंतागुंतीचा असतो.

मग सोनं सापडलं. १८२९ च्या सुमारास जॉर्जियातल्या डॅलोनेगा भागात लोकांची झुंबड उडाली. जमीन चेरोकींची, पण जॉर्जिया राज्याने जाहीर केलं की आता इथे आमचे कायदे चालणार. चेरोकींचे कायदे रद्द. चेरोकी माणसाची गोऱ्याविरुद्धची साक्ष कोर्टात ग्राह्य नाही. पुढे तर राज्याने चेरोकींच्या जमिनी चक्क लॉटरी काढून गोऱ्यांना वाटल्या. घरात माणसं राहत असताना त्या घराची सोडत निघत होती.

तेव्हा अमेरिकेचे अध्यक्ष होते अँड्र्यू जॅक्सन. १८१४ मध्ये हॉर्सशू बेंडच्या लढाईत क्रीक जमातीच्या एका गटाविरुद्ध हेच जॅक्सन लढत होते, तेव्हा शेकडो चेरोकी त्यांच्या बाजूने लढले होते. नदी पोहून जाऊन शत्रूच्या होड्या त्यांनी पळवून आणल्या, त्यामुळे लढाईचं पारडं फिरलं. सिक्वोया तिथे होता, जॉन रॉस तिथे होता. ‘मेजर’ हा हुद्दा ज्याच्या नावाला कायमचा चिकटला, तो मेजर रिजही. त्याच जॅक्सननी १८३० मध्ये मिसिसिपी नदीच्या पूर्वेकडच्या सगळ्या जमातींना पश्चिमेला हलवण्याचा कायदा रेटला. प्रतिनिधिगृहात तो १०२ विरुद्ध ९७ अशा काठावरच्या मतांनी पास झाला.

केस जिंकली, पुढे काय?

चेरोकींनी शस्त्र उचललं नाही. ते वकिलाकडे गेले. १८३१ मध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं, तुम्ही परकं राष्ट्र नाही, अमेरिकेवर अवलंबून असलेलं अंतर्गत राष्ट्र आहात. केस तिथेच अडली. मग दुसरी संधी आली. सॅम्युएल वूस्टर नावाचा मिशनरी चेरोकींमध्ये राहून बूडिनॉटसोबत छपाईचं आणि भाषांतराचं काम करत होता. जॉर्जियाने नियम काढला, की राज्याचा परवाना आणि निष्ठेची शपथ घेतल्याशिवाय गोऱ्या माणसाने चेरोकी प्रदेशात राहायचं नाही. वूस्टरने नकार दिला. चार वर्षं सक्तमजुरीची शिक्षा झाली. तो सुप्रीम कोर्टात गेला.

३ मार्च १८३२ रोजी सरन्यायाधीश जॉन मार्शल यांनी निकाल दिला. चेरोकी राष्ट्र हा वेगळा समाज आहे, त्यांच्या हद्दीत जॉर्जियाचे कायदे लागू होत नाहीत. चेरोकी जिंकले. पण निकाल कागदावरच राहिला. जॉर्जियाने तो पाळला नाही. वूस्टर पुढच्या जानेवारीपर्यंत तुरुंगातच होता. जॅक्सन सरकारने बोट हलवलं नाही. ‘मार्शलने निकाल दिलाय, आता अंमलबजावणीही त्यानेच करावी’ अशा अर्थाचं एक वाक्य जॅक्सनच्या नावावर खपवलं जातं. ते ते बोलल्याचा पुरावा नाही, पण वागले तसेच. लॉ करणाऱ्या मित्रमैत्रिणींनी हा निकाल जरूर वाचावा. अमेरिकेत आदिवासी राष्ट्रांच्या हक्कांबद्दलच्या खटल्यांत आजही त्याचा आधार घेतला जातो. आणि निकालामागे सरकार उभं राहिलं नाही तर काय होतं, हेही त्यातूनच कळतं.

आता चेरोकींमध्येच फूट पडली. बूडिनॉट, मेजर रिज आणि त्याचा मुलगा जॉन रिज यांना वाटू लागलं की कोर्टात जिंकूनही काही मिळत नाही, उद्या माणसंच उरणार नाहीत. निदान मोबदला घेऊन निघू या. रॉस आणि बहुसंख्य लोक म्हणत होते, इंचभरही हलायचं नाही. बूडिनॉटला आपलं मत ‘फिनिक्स’मध्ये छापू दिलं गेलं नाही. त्याने १८३२ मध्ये संपादकपद सोडलं. १८३४ मध्ये पेपर बंद पडला, नंतर छापखानाही जॉर्जियाच्या शिपायांनी उचलून नेला.

२९ डिसेंबर १८३५ रोजी न्यू इकोटामध्ये या छोट्या गटाने करारावर सह्या केल्या. पूर्वेकडची सगळी जमीन द्यायची, बदल्यात ५० लाख डॉलर आणि पश्चिमेला जागा. निवडून आलेल्या सरकारची या कराराला मान्यता नव्हती. रॉसने हजारो चेरोकींच्या सह्यांचं निषेधपत्र वॉशिंग्टनला नेलं. उपयोग झाला नाही. सिनेटमध्ये दोनतृतीयांश मतं लागत होती, करार जेमतेम एका मताने तरला. अख्ख्या समाजाच्या नशिबाचा फैसला तेवढ्यावर झाला.

ती वाट

मे १८३८ मध्ये जनरल विनफिल्ड स्कॉट यांचे सुमारे ७ हजार सैनिक आले. शेतातून, चुलीपाशून, मुलं खेळत होती तिथून माणसांना उचललं आणि लाकडी कुंपणांच्या छावण्यांत कोंडलं. मागे वळून बघेपर्यंत लुटारू घरात शिरलेले असायचे. उन्हाळा, दुष्काळ, घाण पाणी. जुलाब आणि गोवराने छावण्यांतच माणसं मरायला लागली. तेव्हा रॉसने प्रवासाची व्यवस्था स्वतःकडे मागून घेतली. साधारण हजार-हजार माणसांच्या तेरा तुकड्या शरद ऋतूत निघाल्या. टेनेसी, केंटकी, इलिनॉय, मिसुरी करत आजच्या ओक्लाहोमापर्यंत. अंतर मुंबई ते दिल्लीच्या जवळपास, बहुतेकांचं पायी. ऐन हिवाळ्यात मिसिसिपी नदीत बर्फाचे तुकडे वाहत होते, बोटी चालेनात. काही तुकड्या दोन नद्यांच्या मधल्या पट्ट्यात अडकून पडल्या. म्हातारे आणि लेकरं आधी गेली. रॉसची बायको क्वॉटी हीसुद्धा वाटेत, लिटल रॉकजवळ वारली. छावण्या आणि प्रवास मिळून सुमारे ४ हजार माणसं गेली असावीत, असा आकडा सहसा सांगितला जातो. ही वाट इतिहासात ‘अश्रूंची वाट’ म्हणून ओळखली जाते. आणि तिच्यावरून चेरोकींसोबत त्यांचे काळे गुलामही चालत होते, हे बहुतेक वर्णनांत राहून जातं.

२२ जून १८३९ रोजी नव्या प्रदेशात हिशेब चुकता झाला. सभेच्या परवानगीशिवाय जमीन विकणाऱ्याला मृत्युदंड, असा चेरोकी कायदा होता. एकाच दिवशी तीन ठिकाणी तिघांना मारलं गेलं. जॉन रिज, मेजर रिज आणि बूडिनॉट. बूडिनॉटला ‘औषध हवंय’ असं सांगून घराच्या बांधकामावरून बोलावून नेलं होतं. ज्या माणसाने आपल्या लोकांना त्यांच्या भाषेतलं पहिलं वर्तमानपत्र दिलं, तो देशद्रोही ठरून मेला. तो चुकला का? लोकांच्या संमतीशिवाय सही केली, हे चुकलंच. पण त्याला दिसलेलं संकट खोटं होतं का? चेरोकी घरांत या प्रश्नावर पुढच्या कित्येक पिढ्या भांडल्या. क्लासमध्ये वादविवादाला विषय हवा असेल, तर हा घ्या. सोपं उत्तर सापडणार नाही.

पुन्हा पहिल्यापासून

ओक्लाहोमातल्या टाहलेक्वा गावात त्यांनी नवी राजधानी वसवली. १८३९ मध्येच नवी घटना, पाच वर्षांत नवं वर्तमानपत्र, १८५१ मध्ये मुलींसाठी उच्च शिक्षणाची संस्था. राखेतून उठणाऱ्या पक्ष्याचं नाव पेपरला दिलं होतं, ते खरं करून दाखवलं. मग अमेरिकेचं यादवी युद्ध आलं आणि समाज पुन्हा दुभंगला. त्यानंतर सामाईक जमिनीचे तुकडे करून ते माणसागणिक वाटण्याचं सरकारी धोरण आलं. १९०७ मध्ये ओक्लाहोमा राज्य झालं आणि चेरोकी सरकार जवळजवळ नावापुरतं उरलं. मुलं सरकारी निवासी शाळांत गेली. तिथे आईची भाषा बोलली की शिक्षा. ती मुलं मोठी झाल्यावर त्यांनी आपल्या पोरांशी इंग्रजीच बोलायचं ठरवलं. लाज वाटत होती म्हणून नव्हे, पोरांना मार बसू नये म्हणून. गंमत बघा, त्याच काळात, १९१८ मध्ये, पहिल्या महायुद्धात फ्रान्सच्या आघाडीवर अमेरिकी सैन्याने चेरोकी सैनिकांना फोनवर त्यांच्या भाषेत निरोप द्यायला लावले. जर्मनांना ते समजणं शक्य नव्हतं. शाळेत गुन्हा ठरलेली भाषा रणांगणावर कामाला आली.

सगळेच पश्चिमेला गेले नव्हते. काहीजण नॉर्थ कॅरोलायनाच्या डोंगरांत राहिले. त्यांचे वंशज आज ‘ईस्टर्न बँड’ म्हणून ओळखले जातात. त्यांनी १९९६ मध्ये किटूवा हे आपलं मूळ गाव मानलं जाणारं ठिकाण चक्क विकत घेऊन परत मिळवलं. सप्टेंबर २०२४ मध्ये ग्रेट स्मोकी पर्वतातल्या सर्वांत उंच शिखराला त्याचं जुनं चेरोकी नाव, ‘कुवोही’, अधिकृतपणे परत मिळालं.

ओक्लाहोमात १९७१ मध्ये चेरोकींनी पुन्हा स्वतःचा प्रमुख निवडला. १९८५ मध्ये विल्मा मॅनकिलर प्रमुख झाली, चेरोकी नेशनची पहिली स्त्री प्रमुख. तिचं नाव झालं ते पाण्यामुळे. बेल नावाच्या गावात अनेक घरांत नळ नव्हते. सरकारी पैसे मिळाले, पण सुमारे २५ किलोमीटरची पाइपलाइन गावकऱ्यांनी स्वतः चर खणून टाकायची, असं ठरलं. हे लोक काम करणार नाहीत, असं बाहेरचे म्हणत होते. गावाने ते काम पुरं केलं. यामागचा चेरोकी शब्द आहे ‘गडूगी’. सगळ्यांनी मिळून सगळ्यांचं काम करायचं. कोकणात-घाटावर भातलावणीला एकमेकांच्या शेतात जाणाऱ्यांना तो समजावून सांगायची गरज नाही. मुलगा-मुलगी भेद नसलेल्या समाजात बाईने प्रमुख होणं हे नवं नाही, आमच्या जुन्या पद्धतीकडे परत जाणं आहे, अशी मॅनकिलरची भूमिका होती. २०२२ मध्ये अमेरिकेच्या पाव डॉलरच्या नाण्यावर तिचा चेहरा आला. शेजारी सिक्वोयाच्या अक्षरांत ‘चेरोकी नेशन’ लिहिलेलं आहे.

गुलामांच्या वंशजांचा हिशेबही लांबला. १८६६ च्या कराराने त्यांना नागरिकत्वाचे हक्क दिले होते. २००७ मध्ये मतदान घेऊन ते काढून घेतले गेले. दहा वर्षांनी कोर्टाने ते परत दिले आणि २०२१ मध्ये चेरोकी नेशनच्या स्वतःच्या सुप्रीम कोर्टाने घटनेतली ‘रक्ताने’ ही अटच रद्द केली. वूस्टरच्या निकालाच्या वेळी जे झालं नव्हतं, ते इथे झालं. निकाल आला आणि सरकारने तो पाळला.

भाषा शिकण्याचा पगार

आज चेरोकी नेशनचे साडेचार लाखांहून जास्त नागरिक आहेत. पण भाषा अस्खलित बोलणारे फार थोडे उरलेत, आणि त्यातले बहुतेक साठीच्या पुढचे. २०१९ मध्ये तिन्ही चेरोकी सरकारांनी मिळून भाषेसाठी आणीबाणी जाहीर केली.

जाणार काय आहे, ते एका उदाहरणावरून कळेल. आपण ‘दे’ म्हणतो तेव्हा पाणी असो, पेन असो की मांजर, शब्द एकच. चेरोकीत वस्तू कशी आहे यावर क्रियापद बदलतं. जिवंत वस्तू, पातळ वस्तू, कापडासारखी लवचीक, काठीसारखी लांब-ताठ आणि गोळीबंद, अशा पाच तऱ्हा. ‘दे’ म्हणायच्या आधी जगाकडे नीट बघावं लागतं. आणि निघताना ते म्हणतात ‘डोनाडागोहवी’, म्हणजे पुन्हा भेटू. आपण ‘जातो’ न म्हणता ‘येतो’ म्हणतो, तसंच काहीसं.

मग करतायत काय? २००१ पासून टाहलेक्वामध्ये लहान मुलांची अशी शाळा आहे, जिथे गणितापासून विज्ञानापर्यंत सगळं चेरोकीत. मोठ्यांसाठी आणखी धाडसी प्रयोग. दोन वर्षं, आठवड्याला ४० तास, जुन्याजाणत्या बोलणाऱ्यांसोबत बसून भाषा शिकायची, आणि त्याचे पैसे मिळतात. भाषा शिकणं ही नोकरी. डिसेंबर २०२० मध्ये कोविडची लस आली, तेव्हा आरोग्य कर्मचाऱ्यांसोबत पहिल्या रांगेत चेरोकी बोलणारे वृद्ध होते. एक आजी गेली तर एक अख्खा शब्दकोश जातो, हे त्या सरकारला कळलं होतं.

तंत्रज्ञानातही ते मागे राहिले नाहीत. सिक्वोयाची अक्षरं १९९९ मध्ये युनिकोडमध्ये आली, २०१० मध्ये आयफोनवर, २०१२ मध्ये विंडोज आणि जीमेलमध्ये. मागणी साधी होती. मुलं फोनवरच लिहिणार असतील, तर भाषा फोनवर असायलाच हवी.

आणि या सगळ्याच्या पायाशी एक माणूस आहे, डर्बिन फीलिंग. व्हिएतनाम युद्धातून परतलेल्या या माणसाने १९७५ मध्ये चेरोकी-इंग्रजी शब्दकोश काढला. २०२० मध्ये तो गेला. आज शाळेतले धडे असोत की अ‍ॅप, कुठे ना कुठे त्याचा शब्दकोश असतोच.

तुमच्यापैकी कुणाच्या घरी अहिराणी बोलली जात असेल, कुणाकडे मालवणी, कोरकू, गोंडी किंवा भिली. आजीशी तुम्ही त्या भाषेत बोलता की फक्त तिचं ऐकता? चेरोकींना सुरुवात करायला वेळ लागला, म्हणून त्यांना आज पगार देऊन शिकवावं लागतंय. तुमच्याकडे आजी आहे, आणि खिशातल्या फोनला रेकॉर्डरही आहे. या सुट्टीत घरी जाल, तेव्हा तिच्याकडून एक गोष्ट तिच्याच भाषेत ऐका आणि तिला त्याच भाषेत परत सांगून बघा. चुकाल तेव्हा ती दुरुस्त करेलच.